युरिया ‘सेंद्रिय’ आहे, तरी सेंद्रिय शेतीत त्याला बंदी का? एका विशेषणाचे अनेक अर्थ

रसायनशास्त्राच्या पुस्तकात युरिया हे सेंद्रिय संयुग आहे. पण सेंद्रिय शेतीचं प्रमाणपत्र हवं असेल, तर याच युरियाची एक गोणीसुद्धा शेतात टाकता येत नाही.

आता उलट उदाहरण घ्या. मोरचूद, म्हणजे कॉपर सल्फेट, रसायनशास्त्राच्या हिशेबाने शंभर टक्के असेंद्रिय. तरीही मोरचूद आणि चुना मिसळून केलेलं बोर्डो मिश्रण प्रमाणाची मर्यादा पाळून सेंद्रिय द्राक्षबागेत फवारता येतं.

सोशल मीडियावर हा विरोधाभास अधूनमधून व्हायरल होतो. एक बाजू म्हणते, ‘बघा, सेंद्रिय शेती म्हणजे थोतांड.’ दुसरी म्हणते, ‘बघा, केमिस्ट्रीवाल्यांना निसर्ग कळत नाही.’ खरं तर दोन्हीकडे ‘सेंद्रिय’ हा शब्द बरोबरच वापरलेला असतो. एकीकडे तो पदार्थ कशाचा बनलाय हे सांगतो आणि दुसरीकडे तो कुठून, कसा आला हे सांगतो. या दोन गोष्टींची सरमिसळ झाली की ग्राहकाचे पैसे जातात, कधी रुग्णाची घालमेल होते, आणि ‘मंगळावर जीवसृष्टी सापडली’ अशा बातम्याही तयार होतात.

शब्द आला कुठून?

‘सेंद्रिय’ म्हणजे स + इंद्रिय. ज्याला इंद्रियं आहेत ते. इंग्रजीतल्या ‘ऑरगॅनिक’चा उगमही असाच आहे. ग्रीक भाषेत ‘ऑर्गनॉन’ म्हणजे साधन, अवजार. शरीराचा अवयव हेही एक साधनच, म्हणून ‘ऑर्गन’. अवयव असलेल्या सजीवांशी संबंधित ते ऑरगॅनिक. मराठीत शब्द घडवणाऱ्यांनी नुसतं रूप उचललं नाही, मूळ अर्थही पकडला. म्हणूनच जुन्या पुस्तकांत विरुद्ध शब्द ‘निरिंद्रिय’ असा दिसतो.

१९व्या शतकाच्या सुरुवातीला स्वीडिश रसायनशास्त्रज्ञ बर्झेलियस यांच्या काळात विभागणी सोपी होती. वनस्पती आणि प्राण्यांपासून मिळणारे पदार्थ सेंद्रिय. दगड, धातू, क्षार हे असेंद्रिय. सेंद्रिय पदार्थ तयार व्हायला सजीवांमधली एक खास ‘जीवनशक्ती’ लागते, प्रयोगशाळेत ते बनवता येत नाहीत, असा त्या वेळी सर्वसाधारण समज होता.

१८२८ मध्ये काय झालं?

बर्झेलियस यांच्याकडे शिकून गेलेले जर्मन रसायनशास्त्रज्ञ फ्रेडरिक व्होलर अमोनियम सायनेट नावाचा क्षार बनवत होते. हाती आलेले पांढरे स्फटिक त्या क्षारासारखे वागेनात. तपासल्यावर कळलं की हा युरिया आहे, तोच जो लघवीत असतो आणि १८व्या शतकातच लघवीतून वेगळा काढला गेला होता. मूत्रपिंडाची गरज न लागता युरिया बनवता येतो, असं व्होलर यांनी बर्झेलियस यांना पत्रातून कळवलं.

शाळेत ही गोष्ट ‘एका प्रयोगाने जीवनशक्तीचा सिद्धांत कोसळला’ अशी सांगितली जाते. विज्ञानाच्या इतिहासकारांना ती फार सुटसुटीत वाटते, आणि त्यांचं म्हणणं पटण्यासारखं आहे. त्या काळात सायनेटसाठी लागणारा कच्चा माल प्राण्यांची खुरं, शिंगं, रक्त अशा गोष्टींपासूनच यायचा. त्यामुळे ‘पूर्णपणे निर्जीव पदार्थांपासून बनवलं’ असा दावा तेव्हाही तितका पक्का नव्हता. पुढे १८४५ मध्ये कोल्बे यांनी अॅसेटिक अॅसिड, म्हणजे व्हिनेगरमधलं आम्ल, प्रयोगशाळेत बनवलं. मग एकेक करत अशा संयुगांची रांग लागली आणि जुनी समजूत हळूहळू विरली.

पण मोठी अडचण पुढेच होती. ‘सेंद्रिय म्हणजे सजीवांपासून आलेलं’ ही व्याख्या तुटली, तरी शब्द तसाच राहिला. रसायनशास्त्रज्ञांनी त्याला नवा अर्थ दिला: कार्बनची संयुगं. महाराष्ट्रात दहावीच्या विज्ञानाच्या पुस्तकात आता ‘कार्बनी संयुगे’ असा शब्द आहे, तो यासाठीच. गोंधळ टाळायला तो जास्त चांगला आहे. पण बाजारात, शेतात आणि बातम्यांत ‘सेंद्रिय’च चालतो.

ही नवी व्याख्याही अगदी काटेकोर नाही. कार्बन डायऑक्साइड, चुनखडी, खाण्याचा सोडा, सायनाइडचे क्षार या सगळ्यांत कार्बन आहे, तरी परंपरेने त्यांना असेंद्रिय धरतात. हिरा तर निव्वळ कार्बन, तोही सेंद्रिय नाही.

मग रसायनशास्त्रात सेंद्रिय काय काय?

साखर, तेल, तूप, प्रथिनं, हे अपेक्षितच. पण पेट्रोलही सेंद्रिय आहे. पॅरासिटामॉलची गोळी, नायलॉनचा दोर, दुधाची प्लास्टिकची पिशवी, हेही. तुम्ही हा मजकूर ज्या मोबाइलवर वाचताय त्याचा स्क्रीन ओएलईडी असेल, तर त्यातला ‘ओ’ म्हणजे ऑरगॅनिकच. वीज दिल्यावर प्रकाश देणारे कार्बनी रेणूंचे पातळ थर त्या स्क्रीनमध्ये असतात. कोडॅक कंपनीतले चिंग तांग आणि स्टीव्हन व्हॅन स्लाइक यांनी १९८७ मध्ये अशा डायोडची आजच्या तंत्राला पायाभूत ठरलेली रचना मांडली.

शॅम्पूच्या बाटलीवर ‘ऑरगॅनिक’ लिहिलेलं असतं आणि खाली ‘पॅराबेन नाही, सल्फेट नाही’. गंमत म्हणजे पॅराबेन हे कार्बनी संयुग आहे, आणि इथे ज्याला सल्फेट म्हणतात ते सोडियम लॉरिल सल्फेटही कार्बनी संयुगच. ‘केमिकल-फ्री’ या शब्दाबद्दल न बोललेलंच बरं. पाणी हेसुद्धा केमिकल आहे.

मंगळावर ‘ऑरगॅनिक’ सापडलं म्हणजे जीव सापडला का?

नाही. जून २०१८ मध्ये नासाने जाहीर केलं की क्युरिऑसिटी या रोव्हरला मंगळावरच्या गेल विवरात, सुमारे ३ अब्ज वर्षं जुन्या गाळाच्या खडकात सेंद्रिय रेणू सापडले. इथे ‘सेंद्रिय’ हा शब्द पूर्णपणे रसायनशास्त्राच्या अर्थाने होता, म्हणजे कार्बनी रेणू. असे रेणू सजीवांपासून येऊ शकतात, उल्कांमधून येऊ शकतात किंवा खडकांमधल्या रासायनिक क्रियांतूनही तयार होऊ शकतात. शोध महत्त्वाचा होता, कारण इतका जुना कार्बनी माल टिकून राहू शकतो हे त्यातून दिसलं. पण तो जीवसृष्टीचा पुरावा नव्हता आणि नासानेही तसा दावा केला नव्हता.

१९६९ मध्ये ऑस्ट्रेलियात मर्चिसन गावाजवळ पडलेल्या उल्केत तर ७० हून अधिक प्रकारची अमिनो आम्लं सापडली आहेत. त्यातली बरीचशी पृथ्वीवरचे सजीव आपल्या प्रथिनांत वापरतच नाहीत. जिथे कोणी जिवंत नव्हतं तिथेही ‘सेंद्रिय’ पदार्थ बनतात, याचं यापेक्षा नेमकं उदाहरण मिळणं कठीण.

सेंद्रिय शेतीतला ‘सेंद्रिय’ वेगळा कसा?

शेतीत हा शब्द रेणूबद्दल काहीच बोलत नाही. तो पद्धतीबद्दल बोलतो. कारखान्यात संश्लेषण करून बनवलेली खतं आणि कीटकनाशकं टाळायची, जनुकीय बदल केलेलं बियाणं वापरायचं नाही, जमिनीची सुपीकता शेणखत, कंपोस्ट, हिरवळीची खतं, पिकांची फेरपालट यांच्या जोरावर राखायची. याचे लेखी नियम असतात, नोंदी ठेवाव्या लागतात आणि तपासणी होते.

आता युरियाचा तिढा सुटतो. कारखान्यातला युरिया अमोनिया आणि कार्बन डायऑक्साइडपासून बनतो. त्यातला अमोनिया बनवायला मुख्यतः नैसर्गिक वायू लागतो. रायगड जिल्ह्यातल्या थळला आरसीएफचा जो खत कारखाना आहे, तिथे हेच चालतं. तयार युरियात ४६ टक्के नत्र असतं. गाईच्या मूत्रातही युरिया असतो आणि दोन्हीकडचा रेणू अगदी एकसारखा आहे. कोणत्याही प्रयोगशाळेत फक्त रेणूची रचना पाहून हा थळचा आणि हा गोठ्यातला असं सांगता येणार नाही. तरी गोमूत्र घालून केलेलं जीवामृत सेंद्रिय शेतीत चालतं आणि गोणीतला युरिया चालत नाही.

हा ढोंगीपणा आहे का? पिकाच्या मुळाला काय फरक पडतो, एवढाच प्रश्न असेल तर तसं वाटू शकतं. नत्र शेवटी त्याच रूपात मुळाशी पोहोचतं. पण सेंद्रिय शेतीचा नियम रेणूवर आक्षेप घेत नाही. तो कारखान्यातल्या खतावर अवलंबून राहण्याला विरोध करतो: त्याला लागणारं इंधन, गरजेपेक्षा जास्त टाकल्यावर पाण्यात वाहून जाणारं नत्र, जमिनीत काहीच परत न टाकता दरवर्षी पीक काढण्याची सवय. हा विरोध पटो किंवा न पटो, ‘युरिया तर ऑरगॅनिक आहे’ हे त्याला उत्तर होऊ शकत नाही.

मोरचुदाचं कोडंही असंच सुटतं. बोर्डो मिश्रण फ्रान्समधल्या बोर्दो परिसरातलं. १८८५ मध्ये मिलार्दे यांनी द्राक्षावरच्या केवडा रोगावर उपाय म्हणून ते मांडलं. नाशिक-सांगलीच्या द्राक्षबागांपासून कोकणातल्या सुपारीपर्यंत ते आजही वापरात आहे. एक टक्क्याचं मिश्रण म्हणजे १०० लिटर पाण्याला १ किलो मोरचूद आणि १ किलो चुना. तांबं आणि गंधक ही खनिजं असल्यामुळे सेंद्रिय शेतीच्या नियमांत त्यांना मर्यादित जागा मिळाली.

पण ‘सेंद्रियमध्ये चालतं’ म्हणजे ‘निर्धोक’ नव्हे. तांबं जमिनीत साचत जातं, त्याचं विघटन होत नाही आणि जास्त झालं तर गांडुळांना आणि सूक्ष्मजीवांना त्रास होतो. म्हणूनच युरोपीय संघाने २०१९ पासून हेक्टरी सात वर्षांत २८ किलो तांबं, म्हणजे वर्षाला सरासरी ४ किलो, अशी मर्यादा घातली. ती सेंद्रिय बागांनाही लागू आहे.

मग सेंद्रिय अन्न जास्त पौष्टिक असतं का? स्टॅनफर्ड विद्यापीठातल्या संशोधकांनी २०१२ मध्ये आधीच्या अभ्यासांचा आढावा घेतला. सेंद्रिय अन्न लक्षणीयरीत्या जास्त पौष्टिक असल्याचा भक्कम पुरावा त्यांना मिळाला नाही. त्यात कीटकनाशकांचे अंश सापडण्याची शक्यता मात्र कमी दिसली. जाहिरातीत साधारणपणे पहिला दावा मोठ्या अक्षरात असतो.

सेंद्रिय, जैविक, नैसर्गिक: तिन्ही एकच का?

इथे मराठी वाचकाची जास्तीची पंचाईत होते. हिंदीत ऑरगॅनिक शेतीला ‘जैविक खेती’ म्हणतात. त्यामुळे सरकारी लोगोवर ‘जैविक भारत’ असं लिहिलेलं असतं. मराठीत मात्र ‘जैविक’चा अर्थ जीवशास्त्राशी संबंधित, जिवंत घटकांचा. मराठी कृषी साहित्यात ‘जैविक खतं’ म्हणजे रायझोबियम, अॅझोटोबॅक्टर यांसारखी जिवाणू खतं, आणि ‘जैविक कीड नियंत्रण’ म्हणजे किडीला खाणारे मित्रकीटक किंवा किडीवर वाढणारी बुरशी सोडणं. ही साधनं रासायनिक शेती करणारा शेतकरीही वापरतो. म्हणजे दुकानातला ‘जैविक’ आणि कृषी सेवा केंद्रातला ‘जैविक’ हे एकच नाहीत.

‘नैसर्गिक शेती’ हा आणखी वेगळा प्रवाह. विदर्भातले सुभाष पाळेकर, ज्यांना २०१६ मध्ये पद्मश्री मिळाली, त्यांनी झिरो बजेट नैसर्गिक शेतीचा प्रसार केला. बाहेरून विकत काही आणायचं नाही, यावर त्यात भर आहे. पाळेकर गांडूळखतासह सेंद्रिय शेतीवरही कडक टीका करतात. त्यामुळे ‘सेंद्रिय म्हणजेच नैसर्गिक’ हे समीकरण खुद्द या क्षेत्रातल्या लोकांनाच मान्य नाही.

माती परीक्षणातला ‘सेंद्रिय कर्ब’ काय सांगतो?

मृदा आरोग्य पत्रिकेत ‘सेंद्रिय कर्ब’ असा रकाना असतो. कर्ब म्हणजे कार्बन. कुजलेली पानं, मुळं, शेण, सूक्ष्मजीव यांच्या रूपात मातीत असलेला कार्बन किती, हे तो आकडा सांगतो. चुनखडीतला कार्बन त्यात धरत नाहीत, कारण तो असेंद्रिय. इथे ‘सेंद्रिय’ हा शब्द पुन्हा रसायनशास्त्राच्या जवळ जातो.

भारतात सर्वसाधारणपणे ०.५ टक्क्यांपेक्षा कमी सेंद्रिय कर्ब म्हणजे कमी, ०.५ ते ०.७५ म्हणजे मध्यम आणि त्यावर म्हणजे भरपूर असं वर्गीकरण वापरतात. हा आकडा आणि मातीतला एकूण सेंद्रिय पदार्थ यांतही घोळ होतो. सेंद्रिय पदार्थात साधारण ५८ टक्के कार्बन असतो असं गृहीत धरून कर्बाला १.७२४ ने गुणतात. म्हणजे ०.५ टक्के कर्ब असलेल्या मातीत सेंद्रिय पदार्थ साधारण ०.८६ टक्के. दोन वेगळ्या अहवालांतले आकडे ताडून पाहताना कोणता कोणाचा, हे आधी बघावं लागतं.

हा कर्ब मोजायची सर्वात रुळलेली पद्धत वॉकली आणि ब्लॅक यांची, १९३४ ची. तिच्यात मातीवर पोटॅशियम डायक्रोमेट आणि तीव्र गंधकाम्ल ओततात. मातीतलं ‘सेंद्रिय’ मोजायला चांगलीच जहाल असेंद्रिय रसायनं लागतात.

महत्त्वाची गोष्ट अशी की सेंद्रिय कर्ब हे सेंद्रिय शेतीचं प्रमाणपत्र नाही. युरिया वापरणारा पण उसाचं पाचट न जाळता शेतातच कुजवणारा शेतकरी कर्ब वाढवू शकतो. आणि प्रमाणपत्र मिळालेल्या शेतात पुरेसं शेणखत पडलं नाही तर कर्ब कमीच निघेल. आपल्याकडच्या उष्ण हवामानात सेंद्रिय पदार्थ झपाट्याने कुजून जातो, त्यामुळे तो सतत भरत राहावा लागतो.

विषाच्या बाबतीत ‘सेंद्रिय’ म्हणजे सौम्य की जहाल?

दोन्हीही. पारा घ्या. जपानच्या मिनामाता इथे १९५६ मध्ये एका गूढ मज्जाविकाराची अधिकृत नोंद झाली. रासायनिक कारखान्याच्या सांडपाण्यातून खाडीत गेलेला मिथाइल मर्क्युरी, म्हणजे पाऱ्याचं सेंद्रिय रूप, माशांत साठत गेला आणि मासे खाणाऱ्यांच्या मेंदूपर्यंत पोहोचला. पाऱ्याचं हे रूप शरीरात सहज शोषलं जातं, म्हणून जास्त घातक.

आर्सेनिकचं नेमकं उलटं. पश्चिम बंगाल आणि बांगलादेशातल्या भूजलातलं आर्सेनिक असेंद्रिय आणि विषारी आहे. मासे-कोळंबीत सापडणारं आर्सेनोबीटेन हे सेंद्रिय आर्सेनिक जवळपास निरुपद्रवी मानलं जातं. त्यामुळे ‘माशात आर्सेनिक सापडलं’ अशी पोस्ट दिसली तर आर्सेनिक कोणत्या रूपातलं, हे त्या पोस्टमध्ये आहे का ते बघावं.

कीटकनाशकांचंही असंच. डीडीटी हे कार्बनी संयुग आहे. २००१ च्या स्टॉकहोम करारात ज्या पदार्थांवर बंधनं आली त्यांचं अधिकृत नावच ‘टिकाऊ सेंद्रिय प्रदूषकं’ असं आहे. २०१७ च्या खरिपात यवतमाळ जिल्ह्यात कापसावर फवारणी करताना विषबाधा होऊन शेतकरी आणि शेतमजूर दगावले. तेव्हा चर्चेत आलेल्या कीटकनाशकांत मोनोक्रोटोफॉस होतं. ते सेंद्रिय फॉस्फरस गटातलं संयुग. त्या गटाच्या नावातला ‘सेंद्रिय’ वाचून कोणी त्याला सौम्य समजलं, तर ते जिवावर बेतेल.

नदीतला ‘सेंद्रिय भार’ ही आणखी वेगळी गोष्ट. सांडपाणी, मळी, उरलेलं अन्न यांत विष नसेलही. पण ते खाणारे जिवाणू पाण्यातला ऑक्सिजन इतका वापरतात की मासे गुदमरतात. पंचगंगेत मासे मरून तरंगल्याच्या बातम्या येतात, तेव्हा प्रदूषण मंडळाच्या तपासणीत पाण्यातला विरघळलेला ऑक्सिजन म्हणूनच बघितला जातो.

डॉक्टर ‘ऑरगॅनिक कारण नाही’ म्हणतात तेव्हा?

इथे शब्द थेट मूळ अर्थावर परततो: अवयव. वैद्यकात ‘ऑरगॅनिक’ आजार म्हणजे ज्यात अवयवाच्या रचनेत बदल दिसतो. जखम, गाठ, सूज, झीज असं काहीतरी. याच्या विरुद्ध ‘फंक्शनल’, म्हणजे रचना ठीक दिसते पण कामकाजात बिघाड आहे. सततची पोटदुखी आणि शौचाच्या तक्रारी असलेला इरिटेबल बॉवेल सिंड्रोम हे याचं नेहमीचं उदाहरण.

बऱ्याच घरांत ‘रिपोर्ट नॉर्मल आले, ऑरगॅनिक काही नाही’ याचा अर्थ ‘तिला काही झालेलंच नाही, मनाचे खेळ आहेत’ असा घेतला जातो. वैद्यकीय भाषेत तो अर्थ नाही. दुखणं खरंच असतं आणि त्यावर उपचारही असतात, फक्त ते एंडोस्कोपीत किंवा सोनोग्राफीत दिसत नाही. मानसोपचारात तर या शब्दाबद्दलच शंका घेतली गेली. डिमेन्शियासारख्या आजारांना पूर्वी ‘ऑरगॅनिक मानसिक विकार’ म्हणत. त्यावरून बाकीच्या मानसिक आजारांचा मेंदूशी संबंधच नाही असं सूचित व्हायचं. अमेरिकन मानसोपचारतज्ज्ञांच्या संघटनेने १९९४ च्या आपल्या वर्गीकरणातून हा शब्द काढून टाकला.

आणि ‘ऑरगॅनिक रीच’?

इन्स्टाग्राम-फेसबुकवर पैसे न देता जितक्या लोकांपर्यंत पोस्ट जाते ती ऑरगॅनिक रीच. इथे विरुद्ध शब्द ‘पेड’. प्लॅटफॉर्मला पैसे दिले नाहीत, एवढंच यात कळतं. इन्फ्लुएन्सरला कंपनीने पैसे दिले असतील तरी ती पोस्ट प्लॅटफॉर्मच्या हिशेबात ऑरगॅनिकच दिसते. भारतातल्या जाहिरात मानक परिषदेने २०२१ मध्ये इन्फ्लुएन्सरसाठी नियम आणले आणि पैसे किंवा भेटवस्तू घेऊन केलेल्या पोस्टवर तसं लिहायला सांगितलं, ते यामुळेच. कंपन्यांच्या ताळेबंदातली ‘ऑरगॅनिक वाढ’ म्हणजे दुसरी कंपनी विकत न घेता झालेली वाढ.

समाजशास्त्रात तर हा शब्द चक्क शहराच्या बाजूने उभा राहतो. फ्रेंच विचारवंत एमिल दुर्खीम यांनी १८९३ मध्ये लिहिलं की जुन्या, छोट्या समाजात लोक एकसारखे असतात म्हणून एकत्र राहतात. ती यांत्रिक एकता. आधुनिक समाजात प्रत्येकाचं काम वेगळं आणि म्हणून सगळे एकमेकांवर अवलंबून, शरीरातल्या अवयवांसारखे. ती सेंद्रिय एकता. गाव म्हणजे सेंद्रिय आणि शहर म्हणजे यांत्रिक, असं मानणाऱ्यांना हे उलटं वाटेल.

एवढ्या अर्थांतून वाट काढायची एक सोपी युक्ती आहे: समोरच्या वाक्यात ‘सेंद्रिय नसलेलं’ म्हणजे काय, ते विचारा. खनिज? कारखान्यातलं खत वापरून पिकवलेलं? फंक्शनल? पेड? विरुद्ध शब्द सापडला की अर्थ सापडतो. आणि जिथे विक्रेत्याला विरुद्ध शब्द सांगताच येत नाही, तिथे तो शब्द फक्त किंमत वाढवायला लावलेला असण्याची शक्यता बरीच.

दुकानात काय बघायचं?

भारतात अन्नपदार्थ ‘ऑरगॅनिक’ म्हणून विकण्यासाठी एफएसएसएआयचे २०१७ चे नियम आहेत. त्यानुसार दोन मार्गांनी प्रमाणपत्र मिळतं. एक, वाणिज्य मंत्रालयाच्या अपेडाकडून चालवला जाणारा राष्ट्रीय सेंद्रिय उत्पादन कार्यक्रम, ज्यात त्रयस्थ संस्था तपासणी करते. दुसरा, कृषी मंत्रालयाची पीजीएस-इंडिया पद्धत, ज्यात शेतकऱ्यांचे गट एकमेकांच्या शेतांची तपासणी करतात. पाकिटावर ‘जैविक भारत’चा लोगो आणि यांपैकी एका पद्धतीची खूण दिसायला हवी. रासायनिक शेती सोडल्यावर लगेच प्रमाणपत्र मिळत नाही. हंगामी पिकांसाठी साधारण दोन वर्षं आणि फळबागांसारख्या बहुवर्षीय पिकांसाठी तीन वर्षं रूपांतराचा काळ जातो. या काळात उत्पादन घटलं आणि भाव मात्र नेहमीचाच मिळाला, तर तो तोटा शेतकऱ्यालाच सोसावा लागतो.

अनेक घटकांच्या पदार्थात, म्हणजे चिवडा किंवा बिस्किटांत, सेंद्रिय घटकांची टक्केवारी काढताना पाणी आणि मीठ मोजत नाहीत. दोन्ही शेतात पिकत नाहीत, त्यामुळे हे रास्तच.

हे नियम अन्नापुरतेच आहेत. शॅम्पू, साबण, टी-शर्ट यांवरच्या ‘ऑरगॅनिक’ शब्दाला ‘जैविक भारत’ची शिस्त लागू होत नाही. कापडासाठी गॉट्ससारखी वेगळी प्रमाणपत्रं असतात. आणि छोट्या शेतकऱ्याने स्वतः थेट ग्राहकाला विकलेल्या मालाला प्रमाणपत्राच्या अटीतून सूट दिलेली आहे. म्हणून आठवडी बाजारात शेतकऱ्याच्या पाटीवर लोगो नसला तर तेवढ्यावरून ती फसवणूक ठरत नाही. तिथे लोगोऐवजी त्यालाच विचारता येतं: खत कोणतं टाकलं, शेवटची फवारणी कशाची आणि कधी केली, शेजारच्या शेतातलं पाणी आणि फवारा तुमच्याकडे येतो का?